सात गणपती

न्यायाधीशांनी बोटांवर मोजलं. एवढ्या मोठ्या खुर्चीत बसलेला माणूस आपल्यासारखा बोटांवर मोजत नसेल अशी माझी समजूत होती. समोर कॉम्प्युटर होता, खाली टायपिस्ट बाई होत्या. पण त्यांनी डाव्या हाताचा अंगठा करंगळीच्या पेरावर ठेवला आणि ओठ न हलवता मोजत गेले, आणि सहाव्या पेरावर थांबले. मग त्यांनी आमच्या सामंत वकिलांकडे पाहिलं. सामंतांनीही फाइलीच्या आड बोटं हलवली असावीत, कारण त्यांचा कान लाल झाला. मी त्यांच्या मागे उभी होते, मीही मोजलं. अठराचा गणपती, एकोणीसचा, वीसचा तो दार लावून बसवलेला, एकवीस, बावीस, तेवीस, चोवीस. सात. माझे सात भरत होते आणि साहेबांचे सहाच. क्षणभर ओठांवर आलंच होतं की साहेब, पहिला धरला नाही तुम्ही, पहिला धरायचा असतो. आमच्या घरात वर्षं कोणी वर्षांनी मोजत नाही. सासरे जाऊन अकरा गणपती झाले, नळ खोलीत येऊन पाच गणपती झाले, असं चालतं, आणि ज्या गणपतीत गोष्ट घडली तोसुद्धा मोजणीत येतो, कारण त्या वर्षीही मूर्ती आणलेली असते, आरत्या म्हटलेल्या असतात, तो वगळणार कसा? माझा नवरा अभय अठरा सालच्या गौरीविसर्जनाच्या दिवशी घरातून गेला, तो आलाच नाही. चोवीसचा गणपती उठला तेव्हा सात झाले, म्हणून मी सामंतांकडे गेले आणि म्हटलं, झाली सात वर्षं. सामंत मालवणकडचे, जन्म गिरगावातल्या वाडीतला. त्यांनीही मनातल्या मनात पहिला धरला आणि याचिका लिहिली. पोलिसांच्या मिसिंगच्या कागदावर तारीख होती, ती आम्ही दोघांनी पाहिली होती, पण पाहिलेलं माणूस मोजतंच असं नाही.

साहेब मराठीच होते. ओरडले नाहीत. अर्ज केला तेव्हा सात वर्षं झालीच नव्हती, तेव्हा हा अर्ज उभाच राहत नाही, काय करता, असं त्यांनी विचारलं. सामंत इंग्रजीत चार वाक्यं बोलले, त्यातला एक शब्द मला कळला, लिबर्टी. मला आधी मरीन लाइन्सचं थिएटर आठवलं. मी कापडाच्या दुकानात लागले त्या वर्षी अभय मला तिथे घेऊन गेला होता आणि मध्यंतरात म्हणाला होता की खुर्च्यांचं कापड बघ, हा रंग तुझ्या दुकानात मिळणार नाही. साहेबांनी मान डोलावली आणि टायपिस्टला सांगायला लागले. मधेच थांबून माझ्याकडे बघत त्यांनी मराठीत विचारलं, बाई, मधल्या काळात त्यांची काही खबर? सामंत पटकन म्हणाले, काही नाही, काही नाही. सामंतांच्या गळ्यातला पांढरा बँड आणि शर्टाचा पांढरा यांत बराच फरक होता, बँड निळसर पांढरा आणि शर्ट पिवळट, तेच मी बघत राहिले. दादरच्या मॅचिंग सेंटरमध्ये एकोणीस वर्षं काढली की पांढऱ्यातले बारा पांढरे दिसायला लागतात आणि त्याचा कशालाही उपयोग होत नाही. पुढचा नंबर पुकारला गेला. आमचं सगळं मिळून चार मिनिटांत आटोपलं होतं.

बाहेर व्हरांड्यात सामंतांनी मला नीट समजावलं. याचिका फेटाळलेली नाही, आपण मागे घेतली, आणि नव्याने दाखल करण्याची मुभा, ती लिबर्टी, मागून घेतली. फेटाळली असती तर पंचाईत होती. सप्टेंबरात सात भरतील, भरले की दुसऱ्या दिवशी टाकू, मसुदा तयारच आहे, फक्त प्रतिज्ञापत्र नव्याने करावं लागेल, जुनं चालणार नाही. चूक माझी आहे वहिनी, असंही म्हणाले, आमच्या घरीही पहिला धरतात हो. बिचारे खरंच ओशाळले होते, त्यांनी मला चहा पाजला. मी त्यांना विचारलं की म्हणजे आत्ता तो कोण? त्यांना प्रश्न कळला नाही. मी पुन्हा विचारलं की आत्ता, या मिनिटाला, कायद्याने तो जिवंत की मेलेला? जिवंतच, सामंत म्हणाले, सप्टेंबरपर्यंत जिवंतच धरायचं. आणि हसले, बहुधा मला बरं वाटावं म्हणून.

आकांक्षाला फोन केला. ती लोअर परळला ऑफिसात असते, तिच्या आजोबांच्या गिरणीच्या जागेवर जी काचेची इमारत झाली तिच्या नवव्या मजल्यावर. ती म्हणाली, "ममा, सहा महिने तर आहेत. सात वर्षं काढलीस, सहा महिने काय?" तिचंही बरोबर आहे. तिच्या हिशेबात ही एक तारीख पडलेली आहे आणि तारखा पडतच असतात. चाळ पाडून टॉवर व्हायचा आहे, खोली अजून तिच्या पप्पांच्या नावावर आहे, कमिटीवाल्यांना भाडेकरूची सही लागते किंवा भाडेकरू मेल्याचा कागद लागतो. सगळ्यांना वाटतं की मी कोर्टात खोलीसाठी गेले. मीही तसंच सांगते, कारण ते सांगायला सोपं आहे. खोलीचं काहीतरी झालंच असतं, दुसऱ्या मजल्यावरच्या कुशाबांचं तसंच काहीतरी करून झालं. मला तो मेलेला हवा होता. वाक्य ऐकायला वाईट आहे, पण फिरवून सांगण्यात अर्थ नाही. मला कागदावर, शिक्क्यासह, एका तारखेला तो मेलेला हवा होता, म्हणजे मग त्या तारखेच्या अलीकडे मी बायको आणि पलीकडे विधवा, आणि मधे काही नाही.

बस फोर्टातून निघाली आणि मला खिडकी मिळाली. मार्चचं ऊन होतं. मधलं जे असतं ते काय असतं हे मी कोणाला सांगू शकलेले नाही. संक्रांतीला वाण द्यायला शेजारची शैला दारात येते, कुंकवाच्या करंड्यात बोट बुडवते आणि ते बोट एक निमिष हवेत थांबतं. लावायचं की नाही? मग ती लावते, कारण न लावणं म्हणजे तिने त्याला मारल्यासारखं होईल, आणि लावताना माझ्या डोळ्यांत बघत नाही. दुकानात गिऱ्हाइकं विचारतात, मिस्टर काय करतात? पहिली दोन वर्षं मी बाहेरगावी असतात म्हणायचे. मग म्हणायला लागले, नाहीत. नाहीत हा शब्द बरा पडला, त्याचा अर्थ समोरचा आपल्या सोयीने लावतो. अभय भांडून गेला असता तर निदान भांडण उगाळत बसले असते. भांडण काहीच नव्हतं. गौरी उठायच्या होत्या, घर भरलेलं, मी घावनांच्या पिठात हात घालून बसले होते, आणि तो म्हणाला, फुलं आणतो, पिशवी कुठली नेऊ? मी म्हटलं, कुठलीही ने. शेवटचं बोलणं हे. त्यात मी इतक्या वेळा शोधलं आहे की आता त्या वाक्यांना अर्थच उरलेला नाही. फोन चार्जिंगला लावलेला होता, पाकीट खिशात होतं. पहिल्या दिवशी वाटलं मंडळात बसला असेल, दुसऱ्या दिवशी आई, माझ्या सासूबाई, म्हणाल्या गावाला गेला असेल, रुसला की तो गावाला जातो. तिसऱ्या दिवशी पोलिसांत गेलो. एका मोठ्या मॉलमध्ये तो सिक्युरिटी सुपरवायझर होता, तिथल्या पोरांनी स्टेशनांवर फोटो चिकटवले, त्यांवर पुढे क्लासच्या जाहिराती चिकटल्या.

मी त्याला मारायला सुरुवात केली ती दुसऱ्या वर्षी. हे एका दिवसात होत नाही. आधी शर्ट दिले, मग चपला, मग दाढीचं सामान टाकलं. त्याला मरण कुठलं द्यायचं यावर मी बरेच दिवस घालवले. समुद्र दिला नाही, त्याला पोहता येत नव्हतं, हाल झाले असते. गाडीखालीही दिला नाही. शेवटी मी त्याला एका एसटी स्टँडवर बाकावर बसवला, संध्याकाळी, हातात चहाचा ग्लास दिला, आणि छातीत कळ. दोन मिनिटं. लोक धावले, नाव-गाव सापडलं नाही, कोणीतरी भल्या माणसांनी सगळं केलं. इतकं नीट मरण मी माझ्या बापालाही देऊ शकले नव्हते. रोज दुकानातून येताना मी ते बाक थोडं थोडं पुरं करत असे, पत्र्याचं छप्पर, भिंतीवरचं वेळापत्रक, आणि हळूहळू मला ते झालेलं वाटायला लागलं. मग रडले. खरोखरची रडले, मेलेल्या माणसासाठी रडतात तशी, आणि दुसऱ्या दिवशी बरं वाटलं.

आणि मग लॉकडाउनात, मे महिन्यात, दुपारी फोन वाजला. आई झोपल्या होत्या, आकांक्षा कानात बोंडं घालून लॅपटॉपवर होती. नंबर कुठल्यातरी परक्या शहराच्या लँडलाइनचा. मी हॅलो म्हटलं. पलीकडून आवाज आला, "वैशू, सगळी बरी आहात ना?" अगदी तोच, किंचित घोगरा, जणू फुलं आणायला गेला आणि कोपऱ्यावरून विचारतोय. त्याच्या मागे कुकरची शिट्टी झाली. आणि एका बाईचा आवाज, लांबून, स्वयंपाकघरातून, अहो तीन झाल्या, गॅस बंद करा. ती अहो म्हणाली. मी म्हटलं, राँग नंबर. आणि फोन ठेवला, नंबर पुसून टाकला. फोन परत आला नाही.

हे मी कोणालाही सांगितलेलं नाही. सांगायचं कसं? आकांक्षाचं वय तेव्हा बावीस, बाप हरवला हे तिने कसंबसं गिळलं होतं, बाप कोणाच्यातरी घरात शिट्ट्या मोजतोय हे तिला कुठे पचणार. आणि आई. आई तर सात वर्षं त्याच्या वतीने उभ्या आहेत. त्याच्या डोक्याला मार लागला, तो सगळं विसरला, कुठेतरी देवळाच्या आवारात पडून असेल, कोणीतरी त्याला नाव विचारत असेल आणि त्याला आठवत नसेल. नाहीतर आवशीला, जन्मदात्या आईला विसरणारा मुलगा नाही तो. असं त्या रोज म्हणतात, भांडी घासताना, तांदूळ निवडताना. मी हो म्हणते. त्या फोननंतर माझा एसटी स्टँड उभा राहिनासा झाला. बाक आठवायला गेलं की शिट्टी ऐकू यायची. मग मी कागदाच्या मागे लागले. मनातलं मरण टिकत नसेल तर शिक्क्याचं टिकेल, असा माझा विचार. सामंतांनी सांगितलं होतं की ज्यांना त्याची खबर लागायला हवी अशा माणसांना सात वर्षं काहीही कळलेलं नाही, असं शपथेवर लिहून द्यायचं. माझे सहाही नव्हते. माझ्या मोजणीने, फोनचा गणपती धरला तरी, सव्वीस सालापर्यंत थांबायला हवं होतं. तरी मी लिहून दिलं. एकदाच खोटं बोलायचं म्हणून मी चार वर्षं स्वतःची जमवाजमव केली होती, नोव्हेंबरात नोटरीपुढे हात वर केला आणि सही केली. आई मात्र आल्या नव्हत्या. सामंतांना आईचंही प्रतिज्ञापत्र हवं होतं. पण आईंनी अंगठा द्यायला साफ नकार दिला होता, तीन दिवस माझ्याशी बोलल्या नव्हत्या.

बस भायखळ्याच्या पुलावर अडकली. आता पुन्हा तेच करायचं होतं. मुभा मिळाली होती. मला वाटलं, किती मऊ शब्द आहे हा, अस्तराच्या कापडासारखा, आणि त्याच्या आत काय शिवलंय? की जा बाई, आणखी सहा महिने त्याला जिवंत ठेव, त्याचे कपडे नसले तरी त्याची जागा ठेव, आणि मग ये आणि पुन्हा हात वर कर. आपल्याला ते जमणार नाही हे मला पुलावरच कळलं. एका खोट्याची तयारी होती, दुसऱ्याची नव्हती. चार वर्षांत साठवलेलं सगळं मी चार मिनिटांत वापरून बसले होते. बसमध्ये एक बाई जरीच्या साडीवर चुकीचा ब्लाउज घालून बसली होती, मोरपंखीवर हिरवा, आणि मला रडू आलं, तिच्यासाठी की कोणासाठी कोण जाणे.

लालबागला उतरून घरी आले तेव्हा दीड वाजला होता. आई खाली बसून कुळीथ निवडत होत्या. एक्क्याऐंशी वय, पण खडा सुटत नाही त्यांच्या बोटांतून. "काय झाला?" त्यांनी मान वर न करता विचारलं. मी सांगितलं की मागे घेतली केस, अजून सात वर्षं झाली नाहीत म्हणाले. त्यांचे हात थांबले.

"म्हणजे तो जिवंत मां?"

मी म्हटलं, सप्टेंबरपर्यंत. सप्टेंबर त्यांनी ऐकलाच नाही. त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं ते मी सात गणपतींत पाहिलेलं नव्हतं. त्या उठल्या, गुडघ्यावर हात ठेवून, देवापुढे दिवा लावला, भरदुपारी, आणि बोलायला लागल्या. कोर्टालाही तो मेलेला गावला नाही. एवढे शिकलेले लोक, त्यांनाही म्हणवलं नाही. आता बघ, त्याला आठवायला लागेल, एकदम नाही, थोडं थोडं आठवतं माणसाला, आधी गाव आठवेल, मग चाळ, मग मी. आला की त्याला काही विचारू नकोस हां, भुकेला असेल, आधी जेवू घालायचं. त्या बोलतच होत्या आणि मी चपला घालूनच उभी होते. मला त्यांचा राग आला, मग भयंकर कीव आली, आणि दोन्हींपैकी कशाने ते मला ठाऊक नाही, पण मी म्हटलं, "आई, त्याचा फोन आला होता."

दिव्याची वात पुढे सारत होत्या, ती तशीच राहिली. "कदी?"

"लॉकडाउनात. पाच वर्षं झाली."

"काय बोललो?"

"सगळी बरी आहात ना, म्हणाला. एवढंच."

"माझ्याबद्दल काय इचारल्यान?"

आई कशी आहे असं विचारलं, एवढं म्हणायला मला काय हरकत होती? शपथेवर खोटं लिहून दिलेली बाई मी. पण खरंच माझ्याकडे खोटं उरलं नव्हतं. मी म्हटलं, नाही. मग बाकीचंही सांगितलं, कुकर, ती बाई, राँग नंबर. वाटलं, आता शिव्या घालतील, फोन ठेवलास म्हणून छाती बडवतील, माझ्या मुलाला तूच तोडलास म्हणतील. मला ते चाललं असतं. मी त्याची वाट बघत होते. आई परत खाली बसल्या, ताट पुढे ओढलं, दोन खडे बाजूला काढले. बराच वेळ त्यांनी निवडलं.

"नंबर तेका पाठ होतो तर," त्या म्हणाल्या.

आमच्या फोनचा नंबर बदललेला नव्हता, तो त्याने नाक्यावरच्या दुकानातून स्वतःच घेतला होता.

"म्हणजे सगळा याद आसा तेका. गाव याद आसा. मी याद आसंय." त्या हे अगदी सावकाश म्हणाल्या, हातातला कुळीथ तसाच चिमटीत धरून. डोळे कोरडे होते. मग त्यांनी मान वर केली. "घाल तो कागद परत. माझो अंगठो घे."

मी म्हटलं, आता कसा घालू आई, आता तुम्हालाही माहीत आहे. इतकी वर्षं तो मेला असं म्हणणारी मी एकटी होते, आणि तो जिवंत आहे असं म्हणणाऱ्या त्या एकट्या. आम्ही एकमेकींच्या समोर त्या दोन टोकांना बसून जेवलो, झोपलो, एकमेकींची आजारपणं काढली. मला आता असं वाटायला लागलं की त्यांनी ते टोक सोडू नये, निदान त्यांनी तरी. मी खरंच म्हटलं, आई, येईल हो तो. सात वर्षांत प्रथम मी हे म्हटलं. त्या भिंतीला धरून उठल्या, डोक्यावरचा पदर काढला आणि मोरीत गेल्या. पिंपाचं झाकण उघडल्याचा आवाज आला. मला आधी कळलंच नाही. मग पाण्याचा तांब्या, आणि परत तांब्या, नेसत्या लुगड्यावर, डोक्यावरून, मेल्याची बातमी आली की घेतात तसं. त्या रडत नव्हत्या. मी मोरीच्या उंबऱ्यापाशी जाऊन उभी राहिले. त्यांचे पांढरे केस चेहऱ्याला चिकटले होते, अंग थंडीने कापत होतं, आणि त्या तिसरा तांब्या घेत होत्या. मला ओरडायचं होतं की तो जिवंत आहे, अहो तो जिवंत आहे, मी ऐकलंय त्याला.

त्यांनी तांब्या माझ्यापुढे केला.

"तू पण न्हा गो," त्या म्हणाल्या. "पाणी आसा."